कोळी हा कीटक नाही

"भाईर ये मास्तर! आदी भाईर ये! कोळी म्हंजे काय रं? काल पोरांना सांगितलंस ना, तसं आता माज्या तोंडावर सांग!"

हा आवाज शाळेच्या पडवीतून आला तेव्हा मी आठवीच्या वर्गात फळा पुसत होतो. आवाज असा, की फळ्यावरचा खडू मी पुसायच्या आधीच झडला. तिकडे वाणगाव स्टेशनात उभी असलेली गाडी शिट्टी झाली असं समजून सुटली, असं पुढे एका माणसानं शपथेवर सांगितलं. तो माणूस मीच, पण शपथ खरी होती.

मी डस्टर हातात घेऊन बाहेर आलो. पडवीच्या पायरीवर मासळीची टोपली ठेवलेली, शेजारी टोपलीची मालकीण कमरेवर हात देऊन उभी, आणि तिच्या मागे दप्तर छातीशी धरून तिची मुलगी. मुलगी माझ्याच वर्गातली. आणि माझ्या मागे, खिडक्यांना लटकलेली अख्खी शाळा.

"काय झालं, बाई?" मी म्हणालो.

"काय झालं? मलाच इचारतोस काय झालं?"

इथेच मी एक पाऊल मागे सरलो. तिच्या ओरडण्यानं नव्हे. समुद्राकाठच्या माणसांना हळू बोलता येत नाही, वाऱ्यावरून बोलायची सवय असते त्यांना. 'तू' म्हटल्यानंही एरवी सरलो नसतो, कारण त्या किनाऱ्यावर देवाला आणि सरपंचाला एकाच 'तू'मध्ये बसवतात. पण ही बाई आदल्या सकाळपर्यंत मला 'तुमी' म्हणत होती. म्हणजे मी रातोरात देवाच्या आणि सरपंचाच्या रांगेत जाऊन बसलो होतो, आणि तिचं दोघांशीही पटत नव्हतं.

सत्तरचं दशक सरत आलं होतं तेव्हाची गोष्ट. तारापूरच्या बाजूला, समुद्रापासून दोन हाकांवर असलेल्या एका शाळेत मी विज्ञान शिकवत होतो. मी मूळचा घाटावरचा. आमच्याकडे दगड उचलला की खाली विंचू, आणि विंचू उचलला की खाली दुसरा विंचू. राहायला बोईसरला होतो. तिथे नवे कारखाने उभे राहत होते, आणि त्यांतल्याच एकात काम करणाऱ्या उत्तरेकडच्या एका भाईबरोबर मी खोली घेतली होती. शाळेत जायचं सायकलनं. त्या रस्त्यावर सकाळी वारा समोरून येतो आणि संध्याकाळी परततानाही समोरूनच येतो. विज्ञान शिकवत असूनही याचं कारण मला अजून सापडलेलं नाही.

खोलीत माझ्या बरण्या होत्या. जामच्या, लोणच्याच्या, हॉर्लिक्सच्या. त्यांत कोळी, विंचू, एकदा म्हशीच्या कानातून काढलेले टपोरे गोचीड. शिकवायचं तर वस्तू दाखवून, असं माझं मत. खोलीतल्या भाईचं मत वेगळं होतं. "मास्टरजी, इस कमरे में या तो मकड़ी रहेगी या मैं," तो दर आठवड्याला म्हणायचा. मकडीही राहिली आणि तोही राहिला. भाडं निम्मं पडत होतं दोघांनाही.

तर ही बाई. रोज सकाळी ती डोक्यावर टोपली घेऊन, मुलीला बरोबर घेऊन शाळेपर्यंत यायची, पायरीवर टोपली टेकवायची, श्वास घ्यायची, मग नाक्यावर बोईसरची एस.टी. धरायची. भरलेली टोपली एकटीला डोक्यावर चढवता येत नाही. कुणीतरी समोरून हात लावावा लागतो. कोण लावतो याला तिथे महत्त्व नाही. जो जवळ असेल त्यानं लावायचा, ओळख असो नसो. रोज जवळ असायचो मी. "मास्तर, हात लावा," ती म्हणायची. मी एका बाजूनं, ती एका बाजूनं, हुप्प म्हणून टोपली वर, खाली चुंबळ नीट, की निघाली. त्या टोपलीचं वजन सांगायचं तर, पहिल्या दिवशी मी हात लावला आणि माझी उंची बोटभर कमी झाली. शर्टाला असा वास लागायचा, की संध्याकाळी बेटेगावपासून बोईसरपर्यंत माझ्या सायकलमागे मांजरांची दिंडी चालायची.

तिची मुलगी हुशार होती. त्या कोळीवाड्यातून आठवीपर्यंत आलेली ती एकटीच मुलगी. आणि तिच्या मागे बांधाच्या वाटेनं खालच्या वर्गांतल्या चार धाकट्या पोरी यायच्या. बदकिणीमागे पिल्लं यावीत तशा. ही आली की त्या येत. हिला ताप आला की त्या चौघींनाही ताप यायचा, तोही बरोबर तेवढेच दिवस.

आता आदल्या दिवशी मी काय शिकवलं ते ऐका, कारण सगळं रामायण त्यातच आहे.

धडा होता संधिपाद प्राण्यांचा. मी बरणी टेबलावर ठेवली, आत एक ढब्बू कोळी. विचारलं, "हा कोण?" वर्ग एका सुरात ओरडला, "किडा!" मी टेबलावर अशी थाप मारली की बरणीतल्या कोळ्यानं आठही पाय वर केले. "नाही! कोळी हा कीटक नाही!" आणि मग मी फळ्यावर लिहीत सुटलो. कीटकाला पाय सहा, कोळ्याला आठ. कीटकाच्या शरीराचे भाग तीन: डोकं, छाती, पोट. कोळ्याचे दोनच, कारण त्याचं डोकं आणि छाती एकत्र जोडलेली. कीटकाला बहुधा पंख असतात, कोळ्याला कधीच नाहीत. कीटकाच्या डोक्यावर मिशांसारख्या दोन स्पर्शिका असतात, कोळ्याला त्या नसतात. कोळी घट्ट खात नाही. भक्ष्य पातळ करून पितो. विंचू आणि गोचीड हे त्याचे भाऊबंद, झुरळ आणि मुंगी नव्हेत. शेवटी तास संपता संपता पोरांना झोप येऊ नये म्हणून फळ्यावर एक चटकदार ओळ टाकली, तीही पुस्तकातलीच. आणि म्हणालो, "उद्या मी तोंडी विचारणार. मोठ्यानं पाठ करा."

त्या शाळेत पोरं माझी एकच आज्ञा पाळत, ती ही.

मला वाटलं, झालं ते उघड आहे. पोरीनं घरी जाऊन 'कोळी' आणि 'कीटक' हे दोन शब्द शेजारी शेजारी म्हटले असणार, आणि आईला वाटलं असणार, मास्तर आम्हाला किडे म्हणतो. मराठी भाषेनं एकाच शब्दात आठ पायांचा आणि दोन पायांचा असे दोन कोळी बसवले, दोघांच्याही हातात जाळं दिलं, आणि भांडण सोडवायला मला बोईसरहून सायकलवर पाठवलं.

"अहो बाई," मी छाती काढून म्हणालो, "मी तर उलट सांगितलं! कोळी हा कीटक नाही! फळ्यावर लिहून दिलं की नाही, असं!"

"मोटा उपकार केलास!"

"आणि तो कोळी म्हणजे तुम्ही नव्हे. तो भिंतीवरचा."

"मला शिकवू नकोस कोन कोळी त्ये. माजी पोर उद्यापासनं साळंत यायची नाय. आज पन नाय. चल गो."

मुलगी हलली नाही. तिनं माझ्याकडे पाहिलं, मग जमिनीकडे. आई टोपलीकडे वळली, आणि माझे हात सवयीनं पुढे गेले.

"हात नको लावूस," ती म्हणाली.

मग आईनं एका बाजूनं आणि पोरीनं एका बाजूनं, दप्तर सांभाळत, टोपली वर घेतली. दोनदा कलंडली. शाळेचा शिपाई पुढे झाला, त्यालाही नको म्हटलं. त्या दोघी गेटातून बाहेर पडल्या, आणि खिडकीतून बघणाऱ्या चार धाकट्या पोरींनी आपापली दप्तरं भरायला घेतली. तेव्हा मला कळलं, एक पोर जात नाही, पाच जातायत.

हेडमास्तरांनी मला आत बोलावलं. ते मवाळ गृहस्थ होते. वर्गात उंदीर शिरला तरी त्याला आधी "या" म्हणायचे.

"शब्द बदला," ते म्हणाले. "कोळी म्हणूच नका. अष्टपाद म्हणा."

"सर, अष्टपाद म्हटलं की ही पोरं उद्या जाळ्यात आलेला ऑक्टोपस आणून माझ्या टेबलावर ठेवतील."

"मग स्पायडर म्हणा."

"परीक्षेत प्रश्न कोळ्यावर येतो."

त्यांनी चष्मा काढून पुसला. "हे बघा, त्या पोरीला घरात बसवायला कुणीतरी टपलेलंच असतं. सुकट निवडायला दोन हात जास्त मिळतात. इतकी वर्षं आईच सगळ्यांशी भांडून तिला पाठवत होती. आता आईच नाही म्हणाली, तर पाठवणारं कुणी उरलं नाही. तुम्ही जा. समजवा. आणि कृपा करून कमी बोला."

हे शेवटचं सोडून सगळं मी मान्य केलं.

शाळा सुटल्यावर मी कोळीवाड्याकडे सायकल दामटली. दिवाळी नुकतीच झाली होती. किनाऱ्यावर बांबूंच्या मांडवांवर बोंबील वाळत घातलेले, जबड्यात जबडा अडकवून, ओळीच्या ओळी. खाली वाळूत बसून मुलीचा मामा जाळं शिवत होता. हा होडीचा तांडेल. तांडेल म्हणजे होडीवरचा मुख्य, त्याचा शब्द तो शेवटचा. आणि त्याच्या मिशा! एका टोकाला कावळा बसला तर दुसऱ्या टोकाच्या कावळ्याला हाक मारावी लागेल. मांडव भरला की उरलेले बोंबील तो मिशांवर वाळवतो, असं मी बोईसरमध्ये सांगायचो आणि लोक मानायचे.

त्यानं सुई थांबवली. मला आपादमस्तक न्याहाळलं.

"मास्तर. कोळ्याला मिशा नसतात?"

मी सायकल पटकन वळवता येईल अशी धरली. "तसं नाही तांडेल... त्या स्पर्शिका... म्हणजे मिशांसारख्या..."

"कोळ्याला येगळं डोकं नसतं?"

"ते छातीला जोडलेलं..."

"ह्ये तर माजी बायको लगीन झाल्यापासनं सांगते. तिनं कुटचं बुक वाचलं?" आणि तो असा हसला की मांडवावरचे बोंबील हलले. "काल सांजच्याला पोर वट्यावर बसून मोट्यानं घोकत व्हती. कोळी घट्ट खात नाय, पातळ पितो! मी बोललो बरोबर हाय, आमचं कालवण पातळच असतं. लई हसलो. चला, माजा राग नाय. पन बहिनीचा हाय. तिच्याशी तुमी बोला, मी बाजूला बसून बगतो."

घर जवळच होतं. पुढे ओटा, समोर एका माणसाला जेमतेम जाता येईल एवढी गल्ली, आणि गल्लीच्या पलीकडे दुसरा ओटा, तो तिच्या सासूचा. बाई बोईसरहून परतली होती आणि रिकामी टोपली धूत होती. मुलगी दारात उभी. मला पाहून बाईनं टोपली उलटी केली आणि पाणी माझ्या पायांपासून वीतभर अंतरावर ओतलं. तिचा नेम चांगला होता, म्हणजे तेवढं अंतर तिनं मुद्दाम राखलं.

मी सुरुवात केली. काय बोललो म्हणता! कीटक म्हणजे काय इथपासून निघालो. कोळी कीटकांपेक्षा कसा वेगळा, कसा थोर, झुरळं आणि डास खाऊन माणसावर कसे उपकार करतो, त्याच्या जाळ्याचा धागा कसा चिवट, तसल्या धाग्याचा दोर वळला तर तारापूरपासून माहीमपर्यंतच्या सगळ्या होड्या एकाला एक बांधून ओढता येतील, हे तर मी जागच्या जागी रचलं. तांडेल मान डोलवत होता. बाई टोपली घासत होती.

"म्हणून सांगतो बाई," मी घाम पुसत समारोप केला, "किडा म्हणून मी कुणाचाही अपमान..."

"किडा बोल, मुंगी बोल, मला काय त्याचं!" ती एकदम उभी राहिली. "माशाबरोबर चिंबोरी येते, जाळ्याखाली इंचू निगतो, किड्याला काय भितंय मी? खाल्लं कोन बोललं? त्ये सांग. कोळीन नवऱ्याला खाते, ह्ये फळ्यावर कोनी लिवलं?"

ती माझी चटकदार ओळ. तास संपता संपता टाकलेली.

मी तांडेलाकडे पाहिलं. त्याचं हसू कुठच्या कुठे गेलं होतं. तो हळू बोलायला लागला, म्हणजे त्याच्या मानानं हळू. "मास्तर, हिचा नवरा होडीसंगं गेला, पोर लहान असताना. तवा हिच्या सासूनं सगळ्या वाड्यासमोर सांगितलं, हिनं खाल्ला माज्या पोराला. मग थोडं गप झालं. काल पोर वट्यावर घोकत व्हती, मोट्यानं. म्हातारी समोरच बसलेली. ती बोलली, बगा, मी सांगत व्हते ना. आता बुकात पन छापलं."

मी गप्प झालो. माझ्या आयुष्यात असं पहिल्यांदाच घडत होतं, त्यामुळे गप्प कसं बसतात ते मला माहीत नव्हतं. गल्लीपलीकडच्या ओट्यावर म्हातारी पाय पसरून बसली होती, सुक्या जवळ्यातून काहीतरी निवडत, कान मात्र इकडे.

मुलगी रडवेली झाली होती. "सर, मला माहीत नव्हतं," ती म्हणाली. "तुमी बोलला मोठ्यानं पाठ करा."

आणि तेवढ्यात तिनं दाराच्या आतल्या भिंतीकडे बोट केलं. खरं तर मला वाचवण्यासाठी केलं असावं. "सर, तो बघा. तो पन कोळीच ना?"

भिंतीवर, घागरीच्या वर, तळहाताएवढा एक घरगुती कोळी बसला होता. पाय पसरून, जाळं नाही काही नाही. कोकणपट्टीतल्या प्रत्येक घरात असतो हा, जाळ्याशिवाय शिकार करणारा. मी जवळ गेलो. याच्या पोटाखाली पांढरीशुभ्र, चपटी, रुपयाएवढी टिकली धरलेली होती.

"हा नाही," मी म्हणालो. "ही. ही आई आहे. ती पांढरी टिकली म्हणजे अंड्यांची पिशवी. स्वतःच्या धाग्यानं शिवलेली. पिल्लं बाहेर येईपर्यंत ती खाली ठेवत नाही. पळायची वेळ आली तरी पोटाशी धरून पळते. तोवर खाणंपिणंही जवळजवळ सोडते म्हणतात."

बाई टोपली तिथेच टाकून आत आली. तिनं मान वाकडी करून पाहिलं. मुलगी मोठ्यानं पाय मोजायला लागली. "...सात, आठ. पुढं आणखी दोन बारीक हाईत, सर."

"ते पाय नव्हेत. तोंडाजवळचे हात म्हण. विंचवाचे हेच हात मोठे होऊन नांग्या झाले."

"मग चिंबोरी?" तांडेल मागून म्हणाला. चिंबोरी म्हणजे खेकडा. "तिला आठ पाय नि दोन नांग्या. ती पन यांच्यातलीच. मी सांगतो, इंचू म्हंजे जमिनीवरची चिंबोरी."

"नाही तांडेल. चिंबोरीच्या नांग्या हे तिचे पायच, म्हणजे पाय झाले दहा. आणि तिला डोळ्यांजवळ बारीक स्पर्शिका असतात. दोन जोड्या."

"म्हंजे मिशा."

"मिशाच म्हणा."

"चिंबोरीला मिशा नि कोळ्याला नाय," तो स्वतःशीच म्हणाला, आणि हे त्याला फार लागलं असावं, कारण बराच वेळ तो मिशा चाचपत राहिला.

बाईचं आमच्याकडे लक्ष नव्हतं. ती त्या पांढऱ्या टिकलीकडे बघत होती. मग तिनं विचारलं, "हिचा नवरा कुटं हाय?"

मी तोंड उघडलं. माझ्या जिभेवर तीन गोष्टी तयार होत्या, तिन्ही सुंदर, तिन्ही खोट्या. पण मला हेडमास्तर आठवले, आणि मी जे माहीत होतं तेवढंच सांगितलं.

"माहीत नाही. नर काही मादीजवळ राहत नाही. भेट होते, मग तो त्याच्या वाटेनं जातो, आपल्या मरणानं मरतो. काही जातींच्या कोळिणी नराला खातात, हे खरं. पण काहीच जातींच्या. आणि त्यांतही दर वेळी नाही, कधी कधी. बाकीच्या कोळिणींनी नवऱ्याला हात लावलेला नाही. कोळ्यांच्या जाती इतक्या आहेत की मोजणारे मोजून दमले. पुस्तकात जागा कमी, म्हणून सगळ्यांना एका ओळीत बसवलं. आणि मी ती ओळ आणखी आखूड केली."

"म्हंजे फळ्यावर लिवलंस त्ये खोटं."

"खोटं नाही. अर्धं."

तिनं भिंतीवरून नजर काढली आणि माझ्याकडे पाहिलं. मग दारातून पलीकडच्या ओट्याकडे.

"मग ऱ्हायलेलं अर्धं लिव," ती म्हणाली. "मोट्या अक्षरात."

एवढंच. पोर येईल की नाही, यावर अक्षर नाही. मी विचारायला गेलो तर तांडेलानं डोळ्यांनी खुणावलं, आता गप. परतताना वारा समोरूनच होता. खोलीवर आल्यावर मी बरणीचं झाकण उघडून तो ढब्बू कोळी खिडकीबाहेर सोडला. भाई म्हणाला, "क्या हुआ मास्टरजी, तबीयत ठीक है?" आणि खरंच माझ्या कपाळाला हात लावून पाहिला.

दुसऱ्या दिवशी मी शाळेत पहिला. शिपायाच्याही आधी. सगळा फळा पुसला आणि या कडेपासून त्या कडेपर्यंत लिहिलं. अक्षर असं, की होडीवरून दिसावं. 'सर्व कोळिणी नराला खात नाहीत. फक्त काही जातींमध्ये, काही वेळाच असे घडते. पुष्कळ नर आपल्या मरणाने मरतात. अनेक जातींतील मादी अंडी जपते, काही जातींतील मादी अंड्यांची पिशवी पोटाशी धरून हिंडते.' खाली जागा उरली म्हणून लिहिलं: 'कोळी हा कीटक नाही.' ते खरंच होतं, त्याला का सोडा.

घंटा झाली. प्रार्थना झाली. मुलगी नाही. चार धाकट्या नाहीत. मी हजेरी घेताना तिच्या नावापाशी इतका वेळ थांबलो की पुढच्या मुलानं दोनदा "हजर" म्हटलं.

मग पायरीवर टोपली टेकल्याचा आवाज आला.

बाई वर्गाच्या दारात येऊन उभी राहिली. आत आली नाही. चप्पल बाहेर काढून उंबऱ्याशी थांबली, पोरीला पुढे केलं. तिच्या मागे खिडकीतून चार डोकी एकावर एक.

"वाच," आई म्हणाली.

पोरीनं वाचलं. पहिली ओळ तिनं साधी वाचली. दुसऱ्या ओळीला आई म्हणाली, "मोट्यानं." तेव्हा तिनं मोठ्यानं वाचलं, आणि काय वाचलं! 'काही जातींमध्ये, काही वेळाच' हे तिनं असं ओरडून म्हटलं की समुद्रावर भरती थोडी लवकर सुरू झाली. मग मी वर्गाला सांगितलं, सगळे म्हणा. सगळ्यांनी म्हटलं. शेजारच्या वर्गानंही म्हटलं, त्यांचा धडा इतिहासाचा होता तरी. हेडमास्तर आपल्या खोलीच्या दारात येऊन उभे राहिले, आणि मला शंका आहे, ते ओठ हलवत होते.

"आता ह्ये पाठ कर," आई पोरीला म्हणाली. "सांजच्याला वट्यावर बसून. परवाच्यापरीस मोट्यानं."

पोर आपल्या जागेवर जाऊन बसली. दप्तर उघडलं. मागच्या चौघी पळत आपापल्या वर्गांकडे गेल्या.

मी बाईबरोबर पडवीत आलो. आता बोलायला हवं होतं, आणि माझ्याजवळ बोलायला बरंच साठलं होतं, आदल्या दिवसभराचं. मी म्हणालो, बाई, तुम्ही आज फार मोठी गोष्ट केलीत. म्हणालो, विज्ञान म्हणजे अशीच गोष्ट असते, चुकलं की पुसायचं आणि पुन्हा लिहायचं. म्हणालो, तुमची पोर एक दिवस इथेच, या फळ्यापुढे उभी राहून शिकवेल, आणि त्या दिवशी मी मागच्या बाकावर बसून ऐकेन. म्हणालो, माझ्या मनात तुमच्याबद्दल काही नाही, तुमच्याही मनात आता माझ्याबद्दल काही नसावं, आणि हे एकदा तुमच्या तोंडून ऐकलं की मी निश्चिंत होईन.

तिनं चुंबळ डोक्यावर नीट बसवली.

"हात लावा मास्तर टोपलीला. यष्टी जाईल."